यातनांचा रकाना

१५ नोव्हेंबर १९८१, रविवार

स्वतःच्या हातानं केलेल्या वस्तू, आठवतील तशा. पत्रकं छापायची सागवानी चौकट, तिला मलमलीचा पडदा. त्या चौकटीचा रूळ: आईचं लाटणं, त्यावर सायकलची ट्यूब ताणून चढवलेली. छपाईची शाई, दिव्याची काजळी एरंडेलात घोटून. तीनदा फसली, चौथ्यांदा जमली. तारा तोडायच्या लांब दांड्यांच्या कात्र्या, दोन. आतून पोकळ काठी, एक. दुहेरी बुडाचे तुपाचे डबे, रॉकेलच्या डब्याचा पत्रा कापून; वर तूप, खाली पत्रकं. असे अकरा. हे सगळं बेचाळीसच्या दिवाळीपासून चव्वेचाळीसच्या पावसाळ्यापर्यंत, साताऱ्याकडे, वय सोळा ते अठरा. दिल्लीत आल्यावर देव्हारा, आमच्या लताचं अभ्यासाचं टेबल, तीन बँडचा रेडिओ, ज्या खुर्चीवर बसून हे लिहितोय ती खुर्ची. प्रयोगशाळेच्या वर्कशॉपमध्ये तेवीस वर्षांत जी उपकरणं केली ती यात धरत नाही. त्यांचा पगार मिळाला.

यादी करायचं कारण असं. आमच्या तेव्हाच्या गटाच्या भाऊसाहेबांनी काल स्वातंत्र्यसैनिक पेन्शनचा छापील अर्ज आणून दिला. त्यात 'भोगलेल्या यातनांचा तपशील' असा रकाना आहे. केलेल्या कामाचा रकाना नाही. दोन्ही बाजूंनी पाहिलं. म्हणून काम इथं लिहिलं.

मला पैशांची हाव नाही. पण दोन वर्षांनी रिटायर होईन, सरोजिनी नगरचा हा क्वार्टर सोडावा लागेल, आणि गुणवंत माळवदे हा माणूस त्या लढ्यात होता असं सरकारच्या एकाही कागदावर नसेल. ते मला नको आहे.

२२ नोव्हेंबर, रविवार

नियम मिळवून उतरवून घेतले. तुरुंगवास किमान सहा महिने (स्त्रियांना तीन). किंवा सहा महिन्यांहून अधिक काळ भूमिगत. पण नुसतं भूमिगत चालत नाही. फरारी म्हणून जाहीर झालेला असावा, किंवा पकडून देणाऱ्याला बक्षीस लावलेलं असावं, किंवा अटकेचा हुकूम निघून तो बजावला गेलेला नसावा. अर्ज ३१ मार्चपर्यंत.

मी दोन वर्षं काम केलं आणि एकदाही सापडलो नाही. तालुक्याच्या फौजदाराला माझं नाव शेवटपर्यंत कळलं नाही. लोक याला नशीब म्हणतील. नशीब नाही, काम नीट होतं. मी कधी कच्ची वस्तू हातावेगळी केली नाही. सांधा बोटाला लागता कामा नये, ही माझी तेव्हापासूनची सवय.

शिवाय आमच्या गटाला शिस्त होती. डबा करणाऱ्याला नेणारा माहीत नसायचा. आणि सुटून आलेल्याला कसे सापडलात, आत काय झालं, हे विचारायचं नाही. विचारलं की सांगावं लागतं, आणि सांगताना कुणाचं तरी नाव तोंडात येतं. कुमुद आमच्याच गटात पोचवायचं काम करायची, हे मला लग्न ठरताना कळलं. ती एकदा सापडली होती, थोडे दिवस आत होती. तेव्हा मी बेळगावकडे होतो. अठ्ठेचाळीस साली लग्न झालं. तो नियम आम्ही घरातसुद्धा मोडला नाही, याचा मला अभिमान आहे. पुष्कळांना लग्न झाल्यावर तोंड आवरत नाही.

१ डिसेंबर, मंगळवार

अर्ध्या दिवसाची रजा टाकून खान मार्केटपलीकडच्या त्या कचेरीत गेलो. सगळीकडे एशियाडच्या पुलांसाठी खणून ठेवलंय, बस मूळचंदला अर्धा तास उभी.

सेक्शन ऑफिसर माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी लहान. सभ्य माणूस. माझे कागद म्हणजे यादी, तिची इंग्रजी प्रत आणि चौकटीचं मी आठवणीनं काढलेलं मापासहित चित्र. त्यानं सगळं पाहिलं. चित्र जास्त वेळ पाहिलं. मग विचारलं, वॉरंट था? नव्हतं. इनाम? नव्हतं. नौकरी गई? तेव्हा नोकरी नव्हती. जमीन जप्त? जमीनही नव्हती.

"तो माळवदेजी," तो म्हणाला, "पुलिस आपको ढूँढ ही नहीं रही थी, फिर आप अंडरग्राउंड किससे थे?"

टिंगल नव्हती त्यात. त्याला खरोखर जाणून घ्यायचं होतं. मी कागद गोळा करून निघालो.

६ डिसेंबर, रविवार

भाऊसाहेब जेवायला आले. त्यांच्याबद्दल लिहून ठेवायला हवं. आमच्या गटाचे ते प्रमुख. पाच वर्षांवर तुरुंग भोगलेला, ताम्रपट मिळालेला. आता सत्तरीला आलेत, नॉर्थ अॅव्हेन्यूत एका ओळखीच्या खासदाराच्या मागच्या खोलीत असतात. ज्यांचे सरकारी कागद सापडत नाहीत त्यांच्यासाठी अशा ज्येष्ठांचं प्रमाणपत्र चालतं, म्हणून त्यांच्याकडे रोज कुणी ना कुणी महाराष्ट्रातून येऊन बसलेलं असतं.

आल्या आल्या माझ्या खिशाकडे बोट दाखवून म्हणाले, "गुणा, पेचकस घेऊन झोपतोस का रे अजून?" मग कुमुदला म्हणाले, वहिनी, याला तुम्ही तेहतीस वर्षं सहन केलंत, पेन्शन खरं तर तुम्हाला पाहिजे. ती हसली आणि पोळी वाढली.

मी कचेरीतली हकीकत सांगितली. तो प्रश्नही सांगितला. भाऊसाहेब आधी हसले, मग हसू थांबलं.

"तू काम केलंस ना?"

"केलं."

"मग झालं तर. वॉरंट निघालं नाही ही पोलिसांची चूक आहे, तुझी नाही. ती मी दुरुस्त करतो. त्रेचाळीसच्या जानेवारीत तुझ्यावर हुकूम निघाला आणि तू आठ महिने हाती लागला नाहीस, असं माझ्या सहीनं लिहितो. प्रतिज्ञापत्राचा मजकूर तू कर, माझं अक्षर आता हलतं."

मी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही. कढी चांगली झाली होती.

७ डिसेंबर, सोमवार

माझ्या नावावर वॉरंट होतं असं लिहिणं म्हणजे मी सापडण्याजोगं काम केलं असं लिहिणं. हा विचार भाऊसाहेबांच्या डोक्यात येणार नाही. ते चार वेळा सापडले.

२० डिसेंबर, रविवार

मजकूर केला. एकदा करून तर बघू, म्हणून बसलो. हुकूम जानेवारीत निघाला तर मी फेब्रुवारीत कराडच्या बाजारात उघडपणे पत्रा घ्यायला कसा गेलो, हे जुळेना. म्हणून पत्रा डिसेंबरातच आणला असं केलं. चौकट हलवल्याची तारीखही मागे घेतली. तिसऱ्या खर्ड्याला सगळं चपखल बसलं, कुठं बोट लागत नाही. खोटं लिहिणं मला इतकं जमेल असं वाटलं नव्हतं. समाधान वाटलं आणि ते वाटल्याचं वाईटही वाटलं. दोन्ही नोंदवतो.

कुमुद चहा घेऊन आली, तिनं उभ्या उभ्या वाचलं. म्हणाली, वॉरंट? कधी निघालं होतं? मी म्हटलं, असं लिहायचं असतं. "बरं," म्हणाली आणि चहावर बशी झाकून गेली.

३ जानेवारी १९८२, रविवार

दुपारी उन्हात तिघं मटार सोलत बसलो होतो. लता, आमची मुलगी, करोलबागच्या बँकेत आहे. पाचवीपासून फॉर्म भरण्यात हुशार. तिनं मी उतरवलेले नियम वाचायला घेतले होते. वाचता वाचता म्हणाली, "बाबा, हे ब्रॅकेटमधलं तुम्हीच लिहिलंय ना? स्त्रियांना तीन?"

हो, मीच.

"आई, तू किती दिवस होतीस जेलमध्ये?"

"चार महिने," कुमुद म्हणाली. "शिक्षा चारची होती, पुरी काढली. त्या शेंगा संपव आधी, मग वाच."

मला वाटत होतं दोन-तीन आठवडे. तसं म्हटलं. ती म्हणाली, तुम्ही कधी विचारलं नाहीत. मी नियमाची आठवण दिली. "हो," ती म्हणाली, "नियम होताच."

लता माझ्याकडे बघायला लागली. तिला आमची शिस्त कळायची नाही. दिल्लीत वाढलेली पोर, सगळं बोलून टाकायची सवय. ती म्हणाली, अच्छा, म्हणजे घरातला एलिजिबल माणूस किचनमध्ये आणि बाबा ऑफिसांचे चक्कर मारतायत, वाह.

मला आनंद झाला असं इथं लिहायला हवं. झाला. पण लगेच नाही, जेवण झाल्यावर झाला.

१० जानेवारी, रविवार

कुमुद अर्ज करायला तयार नाही. लतानं आठवडाभर पिच्छा पुरवला. कुमुदचं एकच: मी काय मोठं केलं, डबा घेऊन चालले तेवढंच. आज लतानं अर्ज पुढ्यात ठेवून पेन हातात दिलं तेव्हा तिनं विचारलं, "कसं पकडलं, कुठं पकडलं, सगळं लिहावं लागेल?"

"ऑफकोर्स, आई. तेच तर लिहायचंय."

"मग नको."

आणि उठून गेली. संक्रांतीचे तीळ भाजायचेत म्हणाली. तीळ कालच भाजून झालेत.

मला वाटतं कोर्टकचेरीच्या कागदांची भीती. पुष्कळ बायकांना असते. मी समजावलं की भाषा मी नीट करून देईन, तिनं फक्त सांगायचं. ती म्हणाली, तुम्हालाच सांगायचं ना. मी म्हटलं, हो, दुसऱ्या कुणाला नाही. तरी नको म्हणाली. बायकांचा हट्ट कुठून सुरू होतो ते कळत नाही.

३१ जानेवारी, रविवार

लतानं आम्हाला न विचारता पुण्याला अलकनंदाताईंना लिहिलं होतं. त्या कुमुदबरोबर तुरुंगात होत्या. संक्रांतीला दोघींची पत्रं जातात-येतात, एवढंच मला माहीत. त्यांनी उलट टपाली प्रमाणपत्र पाठवलं, नोटरीच्या शिक्क्यासह. 'कुमारी हेमलता बळवंत शिंगटे ही माझ्यासमवेत चार महिने बंदिवासात होती.'

क्षणभर मला ही बाई कोण ते लागेना. लग्नात आपल्याकडे मुलीचं नाव बदलतात. तांदळात 'कुमुद' मी लिहिलं होतं. तीन नावं मनात होती, त्यातलं लिहायला सोपं निवडलं. हेमलता आणि कुमुद एकच, याचं वेगळं प्रतिज्ञापत्र लागेल. ते करायला दिलं.

कागद असा आयता घरात आल्यावर कुमुद म्हणाली, अलकाताईंनी एवढं केलं तर आता नाही म्हणता येत नाही. मात्र लता घरी नसताना सांगेन.

१४ फेब्रुवारी, रविवार

लता मैत्रिणीकडे गेली. मी वही घेतली, कुमुद समोर बसली. तिची पूर्ण हकीकत मी टिपून घेतली आहे, अर्जासाठी ती वेगळी. इथं फक्त जे मला नवीन होतं ते.

त्रेचाळीसचा मार्च. कोरेगावच्या बाजाराच्या दिवशी ती तुपाचा डबा घेऊन निघाली, डोक्यावरून पदर, पायात काही नाही, शेतकऱ्याची मुलगी शोभावी अशी. मोटार-थांब्यावर पोलीस सगळ्यांची गाठोडी चाचपत होते. तूपवाल्या पाच-सहा होत्या. बाकीच्यांचे डबे हवालदारानं काठीनं ढोसून सोडले. हिच्या डब्यापाशी फौजदार स्वतः आला.

मी विचारलं, का? चुगली झाली होती?

ती म्हणाली, "चुगली कसली. डबा फार सुरेख होता. फौजदारानं हातात घेऊन कौतुक केलं. म्हणाला, कुठल्या कारागिराचा ग हा? चांदीसारखा आहे. मग उलटा करून सांधा बघायला लागला."

कौतुक केलं, हे मला आजवर माहीत नव्हतं. त्या डब्यांचा पत्रा मी राखेनं आणि चिंचेनं दोन-दोन दिवस घासत असे; त्यावरचं तेल कंपनीचं चित्र पूर्ण निघाल्याशिवाय मी काम हाती धरत नव्हतो. एकोणचाळीस वर्षांनी का होईना, जाणकाराची पावती मिळाली. पोलिसाची असली म्हणून काय.

मग यातनांचा रकाना. ती म्हणाली, काही नाही लिहा. मी म्हटलं, रकाना रिकामा ठेवता येत नाही, अर्ज परत येईल. तेव्हा म्हणाली, "मग लिहा, पहिले चार दिवस चावडीत उभं ठेवलं. बसू देत नव्हते. डबा कुणी केला ते विचारत होते."

"मग तू काय सांगितलंस?"

"बाजारातून घेतला म्हटलं."

बाजारात तसा डबा मिळत नाही, हे कुणालाही दिसलं असतं. या उत्तरावर त्यांचा विश्वास बसणं शक्यच नव्हतं. तिला दुसरं काही सुचायला हवं होतं. तसं मी बोललो. ती म्हणाली, हो, सतरा वर्षांची होते, नाही सुचलं. पण शेवटपर्यंत तेच सांगत राहिले.

उभं राहून पाय सुजले होते म्हणाली. सूज कधी उतरली विचारलं. लग्नाच्या आधी, म्हणाली.

१७ फेब्रुवारी, बुधवार

वर्कशॉपची बस आली नाही म्हणून धौला कुआँपाशी पाऊण तास उभा होतो. गुडगावकडचे दूधवाले सायकलींवर डबे लावून येत होते. मोजले नाहीत, पण पुष्कळ होते. सगळे डबे पोचे पडलेले, काळवंडलेले, एकाची कडी सुतळीनं बांधलेली. एकावर अजून वनस्पती तुपाच्या कंपनीचं झाड होतं.

चकचकीत असा एकही नव्हता.

१८ फेब्रुवारी

काही नाही.

२१ फेब्रुवारी, रविवार

भूमिगतचा माझा मजकूर काढून वाचला. 'सदर इसम पोलिसांस शेवटपर्यंत गवसला नाही.' वाक्य बरोबर आहे. फक्त त्याचं कारण त्यात दिलेलं नाही.

कुमुदला विचारायचं होतं की अडतीस-एकोणचाळीस वर्षांत एकदा तरी सांगावंसं वाटलं का. विचारलं नाही. तिनं विचारलं, भाजी काय आणणार. मी म्हटलं, तुला काय हवी ती. तिला संशय आला असावा, कपाळाला हात लावून बघितलं.

७ मार्च, रविवार

तुरुंगाकडून पत्र: त्या वर्षाचं रजिस्टर आता उपलब्ध नाही. म्हणजे कुमुदला सोबतच्या कैद्यांची दोन प्रमाणपत्रं लागणार. एक अलकनंदाताईंचं आहे. बाकीच्यांपैकी कुणी हयात नाही किंवा पत्ता नाही. त्याच तुरुंगात पुरुषांच्या बराकीत त्या वेळी होते ते एक भाऊसाहेब.

त्यांच्याकडे गेलो. खोलीत जळगावचे दोघं बसले होते, ते जाईपर्यंत थांबलो. भाऊसाहेबांनी सगळं ऐकलं आणि डोकं हलवलं. त्यांच्या सह्या आता कचेरीत जास्तच ओळखीच्या झाल्यात. एका घराची दोन प्रमाणपत्रं त्यांच्या सहीनं गेली की दोन्ही फाईली अडकतील, हे त्यांना पक्कं सांगण्यात आलंय. तेव्हा एकच. आणि ते माझं द्यायचं त्यांनी केव्हाच ठरवून ठेवलंय.

"वहिनींना वेगळं कशाला रे?" ते म्हणाले. "नवऱ्याचं तेच बायकोचं. तुझं नाव लागलं की घराचं नाव लागलं. तिथं तू होतास हे मला दाखवायचंय, गुणा. तुझ्यासारखी माणसं कुठंच दिसत नाहीत कागदावर. मला ते झोंबतं."

हे ते मनापासून बोलत होते. डोळ्यांत पाणी होतं, अर्थात मोतीबिंदूमुळेही असेल. रविवारी ये म्हणाले, मग ते अमरावतीला जातात ते मेपर्यंत.

९ मार्च, मंगळवार

खरं लिहायचं तर मला माझं नाव हवंय. वॉरंट खोटं आहे हे ठाऊक असून हवंय. चौकट खोटी नव्हती, शाई खोटी नव्हती. भाऊसाहेबांसारखा माणूस सही करायला तयार असताना मी कोण त्याला खोटं म्हणणार, इथपर्यंत विचार करून झाला. पैसे कुणाच्याही नावावर आले तरी याच घरात येणार, तेव्हा ती अडचणही नाही.

घरात भाऊसाहेबांची अट सांगितली. लता तापली. म्हणाली, ये क्या बात हुई, खरं आईचं आणि कागद बाबांचा. कुमुदनं तिला गप्प केलं. मला म्हणाली, तुमचंच घ्या. तुम्ही इतकं केलंत. मला कुठं कुणाला दाखवायचंय.

ती हे रागानं म्हणाली असती तर बरं झालं असतं.

१४ मार्च, रविवार

नॉर्थ अॅव्हेन्यू. भाऊसाहेबांची ट्रंक बांधून दाराशी. टेबलावर माझा मजकूर स्वच्छ टाइप करून ठेवलेला, खाली सहीपुरती जागा. शेजारी एक कोरा कागद. त्यांनी चष्मा पुसला, टोपण काढलं आणि मजकूर पुढं ओढला.

मी म्हटलं, कोऱ्यावर लिहा. हेमलता बळवंत शिंगटे.

"ही कोण?"

"आमची कुमुद. तुरुंगात त्या नावानं होती."

ते विचारात पडले. मग म्हणाले, "शिंगटेमास्तरांची? ती लहान चणीची, ताप असताना दळायला बसायची ती? तिला आमच्या खिडकीतून बघितलंय मी. ती वहिनी होय?" इतकी वर्षं हिच्या हातचं जेवतात, त्यांनाही माहीत नव्हतं. तेही नियमाचे पक्के.

पण हात कोऱ्या कागदाकडे जाईना. म्हणाले, "गुणा, नीट विचार कर. मी परत येईपर्यंत तारीख गेलेली असेल. वहिनी डबा घेऊन चालल्या, कबूल. पण डबा तुझा होता."

"डबा माझा होता म्हणूनच."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मी कोरा कागद पुढं सरकवला. का, ते त्यांनी विचारलं नाही. लिहायला घेतलं. अक्षर खरंच हलतं त्यांचं. 'शिंगटे' दोनदा गिरवावं लागलं. सही झाल्यावर टाइप केलेला कागद मला परत देत म्हणाले, ठेव, आठवण म्हणून. मी तिथंच फाडला. चार तुकडे, मग आठ.

जिना उतरताना पाय दुखत होते. दोन्ही बाजूंना लॉनवर लोक क्रिकेट खेळत होते.

घरी येऊन सांगितलं. लतानं टाळ्या वाजवल्या. कुमुदनं प्रमाणपत्र हातात घेतलं, वाचलं, आणि म्हणाली, "हेमलता. किती दिवसांनी लिहिलं कुणी." मग पोळ्यांचं बघायला गेली. जरा वेळानं आतून तिचा आवाज आला: "तुम्हाला त्यांनी चहा तरी दिला का?"

दिला नव्हता.

२९ मार्च, सोमवार

अर्ज दिला. पोच घेतली. कुमुद बरोबर होती. नेसायला हिरवी इरकल, जी ती लग्नाकार्याशिवाय काढत नाही.

तोच सेक्शन ऑफिसर. डिसेंबरात त्याच्यासमोर मी पूर्ण वेळ उभा होतो. आज त्यानं कुमुदला बघून स्वतः खुर्ची ओढून दिली, माताजी, बैठिए. कागद एकेक करून लावले. चावडीत चार दिवस उभं ठेवल्याचं वाचताना थांबला, तिच्याकडे बघितलं, पुन्हा वाचायला लागला. दोन प्रमाणपत्रं, नावाचं प्रतिज्ञापत्र, फोटो. ठीक आहे म्हणाला, मंजुरीला पाच-सहा महिने लागतील, पण केस साफ आहे. कुमुदनं विचारलं, उसमें डिब्बा बनानेवाले का नाम देना पड़ता है क्या. तो म्हणाला, नहीं माताजी, ज़रूरत नहीं. तिनं मान डोलावली. बरं वाटल्यासारखी.

मग त्याला मी आठवलो. चौकटीच्या चित्रामुळे आठवलो असणार.

"और आपका केस, माळवदेजी? परसों लास्ट डेट है."

"मेरा कोई केस नहीं," मी म्हटलं.

येताना बसमध्ये बसायला जागा मिळाली, दोघांना शेजारी. बस सफदरजंगला आली. मग मी विचारलं, फौजदारानं डबा उलटा केला तेव्हा तुला काय वाटलं. नियम मोडला. ती खिडकीबाहेर बघत म्हणाली, "वाटलं, आता तूप सांडणार." आणि हसायला लागली. मलाही हसू आलं, पण ते फार वेळ टिकलं नाही.

रात्रीच्या जेवणाआधी लतानं विचारलं की भाऊसाहेब नेमकं काय देत होते, आकड्यासहित सांगा. सांगितलं, इथंही लिहून ठेवतो. मी जे नाकारलं ते असं: त्रेचाळीसच्या जानेवारीतला माझ्या नावाचा एक अटकेचा हुकूम, न बजावलेला, आठ महिन्यांचा भूमिगत काळ, त्याखाली भाऊसाहेबांची सही, आणि त्यापोटी दरमहा तीनशे रुपये, मी असेपर्यंत मला, आणि माझ्यामागे माझी विधवा म्हणून कुमुदला.